कपाळामागचा सेक्रेटरी

माझं कपाळ रुंद आहे. ही बढाई माझी नाही, आमच्या आत्याची आहे. बारशाला पाळण्यात डोकावून तिनं म्हणे सगळ्या बायकांना ऐकू जाईल अशा आवाजात निकाल दिला होता, "काय कपाळ आहे बाई! मोठा साहेब होणार." साहेब व्हायचं राहून गेलं, कपाळ मात्र दिल्या शब्दाला जागलं. तिशीत ते हळूहळू वर सरकू लागलं, चाळिशीत त्यानं टाळू गाठली, आणि आता ते नेमकं कुठं संपतं हे ठरवणं माझ्या सलूनवाल्याच्या हातात आहे. लोक ज्याला टक्कल म्हणतात त्याला मी मनातल्या मनात बुद्धीचा विस्तार म्हणत आलो. पासपोर्टच्या फोटोतसुद्धा मी हनुवटी थोडी खाली घेतली होती, वरचा मुलूख नीट यावा म्हणून.

अशा माणसाच्या हाती 'प्रीफ्रंटल कॉर्टेक्स' पडायला नको होतं.

कपाळाच्या हाडाला लागून, आतल्या अंगाला, मेंदूचा हा भाग असतो. बेत आखणं, मनाला आवर घालणं, दोन कामांतलं आधी कुठलं ते ठरवणं, एक गोष्ट ध्यानात धरून दुसरी करत राहणं, चुकतंय असं दिसलं की वाट बदलणं, अशी सगळी वजनदार खाती त्याच्याकडे. हे वाचलं त्या सकाळी मी आरशासमोर जरा जास्तच रेंगाळलो. बायको बाहेरून म्हणाली, "अहो, दाढीला एवढा वेळ?" मी म्हटलं, "प्रीफ्रंटल बघतोय." ती म्हणाली, "बघून झालं की गीझर बंद करा."

पुस्तकात पुढं जे होतं ते मी घाईघाईनं वाचलं. कपाळाच्या रुंदीचा आतल्या मालाशी काही संबंध नसतो, असं ते होतं. डोक्याच्या उंचवट्यांवरून स्वभाव सांगायचा उद्योग फ्रान्झ योसेफ गाल नावाच्या डॉक्टरनं १८०० च्या सुमारास व्हिएन्नात मांडला. तो युरोप-अमेरिकेत धडाक्यात चालला आणि मग साफ खोटा ठरला. आइन्स्टाइनचा मेंदू भरला १,२३० ग्रॅम, साधारण पुरुषाच्या मेंदूपेक्षा कमीच. आणि केस मागे गेले म्हणून मेंदू पुढे येत नाही, हे कळायला तर पुस्तकही लागत नाही. मी ती पानं उलटली आणि घरात प्रवचनं सुरू केली.

इंग्रजी पुस्तकांत या भागाला कंपनीचा सीईओ म्हणायची पद्धत आहे. मी सीईओ जवळून पाहिलेला नाही. सोसायटीचा सेक्रेटरी पाहिलाय. आमच्या डोंबिवलीच्या इमारतीत पंप चालू करतो वॉचमन, लिफ्ट दुरुस्त करतो लिफ्टवाला, जिने झाडायला मावशी येतात. सेक्रेटरी स्वतःच्या हातानं काहीच करत नाही. तो नुसता 'आत्ता नको', 'आधी हे होऊ दे', 'त्यांना विचारल्याशिवाय नाही' असं म्हणत फिरतो. मेंदूतही तेच. बघायचं काम पार मागच्या टोकाला, ऐकायचं कानाच्या बाजूला, हातपाय हलवायचं डोक्याच्या मध्यावरच्या पट्ट्यात. पुढं बसलेला हा गृहस्थ फक्त अडवतो आणि क्रम लावतो. मीटिंगमध्ये त्याच्याबद्दल कुणी कधी बरं बोलल्याचं मला आठवत नाही. पण तो महिनाभर लेकीकडे सिंगापूरला गेला होता, तेव्हा टँकर यायचा त्या वेळी टाकी भरलेली असायची आणि टाकी रिकामी व्हायची तेव्हा टँकरवाला फोन उचलायचा नाही. वॉचमन तोच होता, पंप तोच, पाणीही तेच.

ही उपमा मला इतकी आवडली, की मी ती प्रत्यक्ष सेक्रेटरींना ऐकवली. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि माझा मेंटेनन्स थकलाय याची आठवण करून दिली. म्हणजे खातं व्यवस्थित चालू होतं.

चिरंजीव एकोणीस वर्षांचे आहेत. हा भाग अख्ख्या मेंदूत सगळ्यांत उशिरा पिकतो, विशीच्या मध्यापर्यंत त्याचं बांधकाम चालू असतं, नको असलेले जोड छाटले जातात, तंतूंवर आवरण चढत राहतं, हे कळल्यावर माझ्या हाती ब्रह्मास्त्रच आलं. रात्री दोनला घरी आला, "तुझं अजून पिकलेलं नाही." बाइक मागितली, "पिकू दे आधी." त्यानं बरेच दिवस ऐकून घेतलं. मग एकदा जेवताना म्हणाला, "बाबा, १९८८ साली घटना दुरुस्त करून मतदानाचं वय एकवीसवरून अठरावर आणलं. म्हणजे देश कुणी चालवायचा हे कच्च्या मेंदूनं ठरवलेलं चालतं आणि बाइक चालवायला पक्का लागतो?" मी घास गिळेपर्यंत त्यानं पुढचं काढलं. पंचविसाव्या वाढदिवसाला मेंदूत काही घंटा वाजत नाही, तो आकडा नुसता गोळाबेरजेचा आहे. शिवाय हा भाग पिकतो शेवटी आणि उतारवयात झिजायला लागतो तो मात्र पहिल्या फळीत. "ते पान तुम्ही उलटलंत वाटतं," असं म्हणून त्यानं आमटी ओढून घेतली. बायकोनं न विचारता माझ्या ताटात पोळी वाढली. आमच्या घरात सांत्वन असंच करतात.

लाडवाचं प्रकरणही त्यानंच बंद पाडलं. मेंदूचं वजन शरीराच्या दोन टक्के पण खर्च वीस टक्के, या आकड्यांवर मी दुपारच्या चहाबरोबर एक जादा बेसनलाडू मंजूर करून घेतला होता, विचार करणाऱ्या माणसाला लागतो म्हणून. खोल विचारानं तो खर्च फारसा वाढत नाही, मेंदू रिकामा बसला तरी बिल जवळजवळ तेवढंच येतं, हे पोरानं शोधून काढून आईला दाखवलं. लाडवांचा डबा वरच्या फळीवर गेला.

आता फिनियस गेज. या विषयात शिरलं की तो भेटतोच. अमेरिकेतल्या व्हरमाँट राज्यातलं कॅव्हेंडिश गाव, तारीख १३ सप्टेंबर १८४८. आपल्याकडे बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी सुटायला अजून साडेचार वर्षं होती. तिकडं रुळांसाठी सुरुंग लावून खडक फोडणं चाललं होतं. गेज त्या टोळीचा मुकादम, वय पंचवीस, म्हणजे माझ्या हिशेबानं नुकताच पिकलेला. भोकात दारू ठासायची सळई त्यानं स्वतःसाठी घडवून घेतली होती, साडेतीन फुटांहून जरा लांब, वजन सहा किलो. ठासताना ठिणगी उडाली, दारू पेटली, आणि ती सळई डाव्या गालाखालून शिरून, डोळ्यामागून जाऊन, कवटीच्या वरून बाहेर पडली. गेज मेला नाही. थोड्याच वेळात बोलायला लागला, बैलगाडीत बसून मुक्कामाच्या जागी आला, आणि डॉक्टर पोचले तेव्हा बाहेर खुर्चीवर बसून होता. तुमच्यासाठी भरपूर काम आणलंय, अशा अर्थाचं काहीतरी त्यांना म्हणालासुद्धा.

ही गोष्ट मी कुठंकुठं सांगितली याला हिशेब नाही. नुसती सांगून भागत नसे, सळईचा मार्ग दाखवावा लागे. एका मुंजीच्या पंगतीत मी आमटीतली शेवग्याची शेंग गालाखाली धरून तो दाखवला. शेजारचे गृहस्थ मठ्ठा न घेताच उठले. गोष्टीचा शेवट मी ठेवणीतल्या आवाजात करत असे: आधीचा गेज शहाणा, मेहनती, शब्दाचा पक्का, नंतरचा शिवराळ, चंचल, दहा बेत करणारा आणि एकही तडीला न नेणारा. मित्र म्हणायला लागले, हा तो गेज नव्हेच. सेक्रेटरी गेला, सोसायटी बुडाली! इथं मी थांबून भोवताली बघायचो आणि नकळत कपाळावरून हात फिरवायचो.

हे खोटं नाही. गेजवर उपचार करणाऱ्या डॉ. जॉन हार्लो यांनीच ते लिहून ठेवलंय. पण गोष्ट तेवढ्यावर संपत नाही, आणि पंगतीत ती तेवढ्यावरच संपवायची मोठी सोय असते. मॅल्कम मॅकमिलन या ऑस्ट्रेलियन अभ्यासकानं गेजबद्दलचा कागद न् कागद खणून काढला. त्यात दिसतं असं, की गेज पुढं दक्षिण अमेरिकेत चिलीला गेला आणि तिथं कित्येक वर्षं प्रवाशांची घोडागाडी हाकत होता. पहाटे उठून घोडे तयार करायचे, सामान चढवायचं, उतारूंशी नीट बोलायचं, अनेक घोड्यांचे लगाम सांभाळत लांबचा रस्ता काटायचा, तोही परक्या भाषेच्या मुलखात. हे पार वाया गेलेल्या माणसाचं काम नव्हे. मॅकमिलन यांचा तर्क असा, की त्या नोकरीतल्या रोजच्या ठरलेल्या क्रमानंच त्याला सावरलं असावं. डोक्यात क्रम लागत नव्हता, तो बाहेरून मिळाला. १८६० साली, फिट्स येऊन, तो सॅन फ्रान्सिस्कोत वारला. त्याची कवटी आणि सळई हार्वर्डच्या संग्रहालयात आहे. चिलीतल्या त्या वर्षांची निशाणी कुठल्या कपाटात नाही, म्हणून ती कुणी सांगत नाही. मीही सांगत नसे. घोडागाडी दाखवायला ताटात काही नसतं.

आणखी एक प्रकरण आहे, ते मी पंगतीत काढत नाही. माणसाच्या कपाळामागचा हा भाग दुसऱ्याच्या बाबतीत तितकासा गरजेचा नाही, असं काही थोर कपाळांनी ठरवलं होतं. १९३५ साली लिस्बनमध्ये एगास मोनिझ यांनी मनोरुग्णांच्या मेंदूच्या पुढच्या भागातले तंतू तोडायची शस्त्रक्रिया सुरू केली. १९४९ साली त्यांना त्याबद्दल नोबेल मिळालं. अमेरिकेत वॉल्टर फ्रीमन आणि जेम्स वॉट्स यांनी तिचा प्रसार केला. जॉन केनेडींची बहीण रोझमेरी हिच्यावर त्यांनी ती १९४१ साली केली, तेव्हा ती तेवीस वर्षांची होती. तिचे राग, तिचं वागणं घरच्यांना आवरेनासं झालं होतं. त्यानंतर तिचं चालणं गेलं, बोलणं गेलं. ती पुढं साठाहून अधिक वर्षं जगली, त्यातली बहुतेक घरापासून लांब, संस्थेत. अशा रुग्णांच्या कागदांवर 'शांत झाला', 'शांत झाली' असे शेरे असत. घरात कुणी मोठ्यानं बोलायला लागलं की 'हिला जरा शांत करा' म्हणणारी माणसं आपल्यातही पैशाला पासरी आहेत. त्यांच्या हातात हत्यार नाही, एवढाच काय तो फरक.

असो. मला खरं तर स्वयंपाकघरात जायचं होतं.

सणाचा स्वयंपाक हा माझ्या मते मेंदूच्या पुढच्या भागाचा सगळ्यांत अवघड पेपर आहे, आणि हे मत मी स्वयंपाक न करता बनवलेलं असल्यामुळे ते अगदी निःपक्षपाती आहे. होळीचा दिवस घ्या. शेगडी दोन बर्नरची. बाराला नैवेद्य. तोवर पानात काय काय हवं? पुरणपोळी, कटाची आमटी, वरणभात, बटाट्याची भाजी, काकडीची कोशिंबीर, भजी, कुरडया, पापड, चटणी, लिंबाची फोड, मीठ. आता यातला एकेक पदार्थ कुणालाही येईल. मलाही येईल असं मी धरून चालतो. गोम अशी, की हे पदार्थ एकमेकांची वाट अडवून उभे असतात. आमटीला कट हवा, कट डाळ शिजल्याशिवाय निघत नाही, म्हणून डाळ सगळ्यांच्या आधी. कट निथळला की डाळीत गूळ घालायचा आणि पुरणात कलथा उभा राहीपर्यंत हलवत बसायचं. त्या काळात एक बर्नर गेला, एक हात गेला. पुरण गरम असतानाच यंत्रातून काढायचं. गार झालं की ते हट्टाला पेटतं. पण ते यंत्रात असताना कणीक मुरून तयार हवी, म्हणजे ती भिजवायची होती तासाभरापूर्वी, जेव्हा तुम्ही डाळीकडे बघत होतात. भात शेवटाकडे, कारण गार भात देवालाही चालत नाही आणि सासऱ्यांना तर मुळीच नाही. कोशिंबिरीच्या काकड्या आधी चोचवून ठेवता येतात, पण मीठ आयत्या वेळी, नाहीतर पाणी सुटतं. भजी सगळ्यांत शेवटी, पण भज्याचं तेल तापत ठेवायचं ते त्याच्या आधी, कुरडया-पापड त्यातच निघतात म्हणून, आणि कुरडया भज्यांच्या आधी, नाहीतर तेल गढूळ होतं. मधेच कुणीतरी चहा मागतं. कुणीतरी येऊन 'काही मदत हवी का' असं दारातून विचारून जातं. ते कुणीतरी म्हणजे बहुधा मीच.

आमची आई हे सगळं कागदाच्या चिठोऱ्याशिवाय करायची. हात पुरणात, कान कुकरकडे, डोळा भिंतीवरच्या घड्याळावर, आणि तोंडानं माझ्या धाकट्या बहिणीचे पाढे घेणं चालू. बारा वाजता पान वाढलेलं असायचं आणि पोळीवरचं तूप अजून वितळत असायचं. आम्ही जेवून उठलो की वडील ढेकर देऊन म्हणायचे, "चला, आता जरा डोक्याचं काम करू," आणि पेपरातलं शब्दकोडं घेऊन बसायचे.

एका वेळी किती गोष्टी मनात धरून ठेवता येतात, याला शास्त्रात वर्किंग मेमरी म्हणतात, आणि तो कारभारही याच सेक्रेटरीच्या टेबलावरून चालतो. त्यावरचं एक प्रकरण मी अगदी रंगून वाचत होतो. बायको आंघोळीला जाताना म्हणाली होती, "अहो, तीन शिट्ट्या झाल्या की गॅस बंद करा." पुढचं सांगत नाही. त्या दिवसापासून शिट्ट्यांचं खातं माझ्याकडून काढून घेण्यात आलं.

वाचनात एक बाई भेटल्या, त्या तेव्हापासून डोक्यातून जात नाहीत. वाइल्डर पेनफिल्ड हे मॉन्ट्रियलचे नावाजलेले मेंदू-शल्यविशारद. त्यांची थोरली बहीण रूथ. तिला मेंदूच्या उजव्या पुढच्या भागात गाठ झाली, आणि १९२८ च्या डिसेंबरात खुद्द भावानंच तिची शस्त्रक्रिया केली. तो भाग बराचसा काढून टाकावा लागला. रूथ बरी होऊन घरी गेली. बोलणं नीट, वागणं नीट, आठवण नीट. परक्या माणसाला काही कमी आहे असं वाटलंच नसतं. वर्षभरानंतर पेनफिल्ड तिच्याकडे गेले, तेव्हा तिनं भावासाठी जेवणाचा बेत केला. पाहुणा एक, घरची चार माणसं. तयारीला अख्खा दिवस हाताशी, आणि मनात हौस. जेवायची वेळ झाली तेव्हा भाऊ स्वयंपाकघरात गेला. सगळं सामान काढलेलं होतं. एकदोन पदार्थ शेगडीवर होते. सॅलड झालेलं नव्हतं, मांस चढवलेलंच नव्हतं, आणि दिवसभर एकटीनं झटून दमलेली बहीण मधोमध गोंधळून उभी होती. तिला प्रत्येक पदार्थ येत होता. आधी काय आणि मग काय, तेवढंच सुटलं होतं. कुणीतरी मदतीला उभं राहिलं, आणि जेवण छान झालं.

पेनफिल्ड यांनी १९३५ साली एका सहकाऱ्याबरोबर शोधनिबंध लिहिला, त्यात हा प्रसंग आहे. रूथ तोवर गेली होती. मेंदूच्या पुढच्या भागाचं काम काय, हे जगाला समजावून सांगताना त्या काळच्या एका मोठ्या सर्जनला गणित सुचलं नाही, बुद्धिबळ सुचलं नाही. रात्रीचं जेवण सुचलं.

मी हे वाचलं आणि पुस्तक मिटून ठेवलं, कारण आमच्या आईचं त्याच सुमारास सुरू झालं होतं.

ती ऐंशीची आहे. तिला सगळ्यांची नावं येतात, कुणाच्या लग्नात कुणी कुठली पैठणी नेसली होती हेही येतं. पण एका सकाळी कढई तापून धूर निघायला लागला होता, मिसळणाचा डबा उघडा होता, आणि आई हातात चमचा घेऊन डब्यातल्या वाट्यांकडे बघत उभी होती. मोहरी, जिरं, हळद, हिंग, तिखट. साठ वर्षं रोज हात घातलेला डबा. मी दारातच थिजलो. मला नेहमीचं 'काही मदत हवी का' सुद्धा सुचेना. बायको आत गेली, गॅस बारीक केला आणि शेजारी उभी राहून हळूच म्हणाली, "आई, आता मोहरी." आईनं मोहरी घातली. ती तडतडेपर्यंत दोघी गप्प. "आता हिंग." पुढचं आईनं आपलं आपण केलं, आणि वर सुनेला म्हणाली, "तू कशाला मधे आलीस? मला येतं." बायको म्हणाली, "हो, येतं ना तुम्हाला."

आमचे एक काका भेटायला आले. सगळं ऐकून म्हणाले, "अरे, वय झालं. आणि वहिनींना तरी आता कुठं डोकं चालवायचंय? घरातच तर असतात." काकांचं कपाळ माझ्याहून रुंद आहे, आमच्या घराण्यात ते वाहत आलंय. मी चहाचा कप बशीत जरा जोरात ठेवला. या बाईनं एका पगारात पाच तोंडं, तीन शिक्षणं आणि दोन आजारपणं अशी बसवली होती, की महिनाअखेरीला डब्यात काही ना काही शिल्लक असे. पाहुणे न सांगता आले तर भाजीत बटाटा कधी वाढवायचा, वडील चिडलेले असले तर शाळेच्या सहलीचे पैसे कधी मागायचे आणि कधी मुळीच विषय काढायचा नाही, सासूचं बोलणं कुठं कानाआड करायचं आणि कुठं नाही, हा सगळा कारभार तिच्या कपाळामागून चालायचा. त्याला कुणी विचार म्हटलं नाही. आमच्या शाळेच्या फॉर्मवर आईच्या व्यवसायासमोर आडवी रेघ असायची. विचार म्हणजे वडिलांचं शब्दकोडं. विचार म्हणजे माझं हे असलं लिहिणं. काकांना यातलं काही बोललो नाही. ते सावकाश चहा पिऊन गेले.

डॉक्टरांकडे गेलो. मेंदूच्या पुढच्या भागाची तपासणी करायला यंत्राच्या आधी साधे खेळ असतात, ते त्यांनी घेतले. पहिला खेळ: एका मिनिटात 'क'पासून सुरू होणारे शब्द सांगायचे, माणसांची आणि गावांची नावं सोडून. आई सावरून बसली. "कढी, कट, करंजी, कानवला, कुरडई, कोशिंबीर, कणीक, कलथा, किसणी..." मीही मनातल्या मनात तिच्याबरोबर परीक्षेला बसलो होतो. कमळ, कप, कपाट. मग पुन्हा कप. मग डोळ्यांसमोर नुसता 'क' उभा. आई कढईपाशी अडखळली, तिनं इकडंतिकडं पाहिलं, तिची नजर माझ्यावर येऊन थांबली आणि ती म्हणाली, "कपाळकरंटा."

डॉक्टर म्हणाले, "विशेषनाम नाही. चालेल."

दुसरा खेळ रशियातल्या लुरिया नावाच्या थोर मेंदू-मानसतज्ज्ञाचा. टेबलावर आधी मूठ, मग पंजाची कड, मग तळवा. मूठ, कड, तळवा, असं करत राहायचं. "हे काय, थालीपीठ थापायचंय का?" म्हणत आईनं सुरुवात झोकात केली. मग मूठ, तळवा, तळवा झालं. मग मूठ, मूठ. तिला चुकतंय हे कळत होतं. तिनं तो हात मांडीवर घेतला आणि दुसऱ्या हातानं झाकला. डॉक्टरांनी लगेच विषय बदलून थालीपीठ कसल्या पिठाचं करता ते विचारलं. ते मला आवडले.

औषधं थोडी दिली, सल्ला मोठा दिला. एका वेळी एकच काम. वेळा ठरलेल्या. कामाचा क्रम मोठ्या अक्षरांत लिहून समोर लावायचा. कुणीतरी शेजारी राहायचं, पण हातातलं काम काढून घ्यायचं नाही. मला एकदम चिलीतला गाडीवान आठवला. मी डॉक्टरांना त्याची गोष्ट सांगायला तोंड उघडलं, तोच बायकोनं टेबलाखालून पाय दाबला. तिचा सेक्रेटरी कधी रजेवर जात नाही.

क्रम लिहायचं काम मी मागून घेतलं. अक्षर माझं बरं आहे, आणि विषयावर एवढं वाचन घरात दुसऱ्या कुणाचं नाही. मी तीन रंगांची पेनं आणली, 'फोडणी : कार्यक्रमपत्रिका' असा मथळा घातला, टप्पे पाडले, बाणही काढले. मग स्टेशनजवळच्या दुकानातून कागद लॅमिनेट करून आणला आणि ओट्यासमोर चिकटवला.

आई चष्मा लावून बराच वेळ वाचत राहिली.

"मोहरी तडतडायच्या आधी हिंग आणि हळद?" ती म्हणाली. "हे कुणी लिहिलं?"

कुणीच बोललं नाही. तिनं पेन्सिल मागितली, पण लॅमिनेशनवर पेन्सिल उमटेना. तेव्हा बायको पोराची जुनी वही घेऊन बसली आणि आई सांगू लागली. मधे मधे चुकत होती. भात आधी की कूकर आधी यावर दोघींचा चांगलाच वाद झाला, तो आईनं जिंकला. चहा सगळ्यांत वर घ्यायला लावला, तो कुठल्याही क्रमात आधीच येतो म्हणून. पान भरत आलं तेव्हा तिनं माझ्याकडे एकदा नीट बघून घेतलं.

"आणि हेही लिही गं," ती म्हणाली, "शिट्ट्या मोजायला याला बसवायचं नाही."

"ते मी आधीच लिहिलंय, आई," बायको म्हणाली. "दोनदा."